पन्हाळगड ते पावनखिंड : आषाढातील पदयात्रेची पूर्वतयारी

कोल्हापूरला दर्शनासाठी येणारे बहुतेक भाविक जोतिबा, नृसिंहवाडी आणि पन्हाळा ही स्थळे पाहून परततात. आषाढात मात्र त्यांत एका निराळ्या वाटेची भर पडते. आषाढी पौर्णिमेच्या सुमारास पन्हाळगडावरून पावनखिंडीपर्यंत पायी जाण्याची प्रथा आता चांगलीच रुजली आहे. अनेक संस्था दरवर्षी अशा मोहिमा काढतात. जुलै २०२५ मध्ये पन्हाळगडाचा समावेश जागतिक वारसा यादीत झाल्यापासून आमच्या चौकशी खिडकीवरही या वाटेविषयी विचारणा होऊ लागली आहे. देवदर्शनाला आलेला यात्रेकरू दर्शन आटोपल्यावर सहज विचारतो, ‘पावनखिंड इथून जवळच ना?’

या प्रश्नाला एके काळी मीही सहजच उत्तर देत असे. काही वर्षांपूर्वी बाहेरच्या जिल्ह्यातून आलेले एक कुटुंब भक्तनिवासात उतरले होते. त्यातील दोघे मुलगे आणि त्यांचा एक मित्र सकाळी खिडकीशी आले आणि त्यांनी पावनखिंडीची वाट विचारली. पोरे धडधाकट दिसली. मी म्हणालो, ‘पन्हाळ्यावरून पायवाट आहे. आज निघालात तर आजच होईल.’ त्या वेळी ती वाट मी स्वतः कधी चाललो नव्हतो. पदवीला इतिहास हा विषय होता, पुस्तकातील पावनखिंड तोंडपाठ होती, एवढ्या भांडवलावर मी ते उत्तर दिले.

रात्री साडेनऊला त्यांची आई कार्यालयात आली. ‘साहेब, पोरं अजून आली नाहीत हो.’ तिघांचेही दूरध्वनी बंद. पोलिसांनी विचारलेले प्रश्न अगदी साधे होते. पन्हाळ्यावरून चालत गेले की मलकापूरकडून गाडीने पांढरपाण्यापर्यंत? किती वाजता निघाले? अंगावर कोणत्या रंगाचे कपडे आहेत? विजेरी आहे का? मुक्काम कोठे करणार होते? माउलीला यांतील एकाचेही उत्तर देता येईना आणि मलाही येईना. बाहेर पाऊस कोसळत होता. ती रात्र आम्ही कार्यालयाच्या बाकावर बसून काढली.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिघेही सुखरूप आले. अर्ध्या वाटेवर एक ओढा भरून आला होता आणि ते त्यात उतरण्याच्या बेतात होते. शेजारच्या वाडीतील एका वृद्धाने त्यांना हाताला धरून मागे ओढले. ‘पाणी उतरल्याबिगार हितनं कुणी हलायचं न्हाई,’ असे बजावून त्याने त्यांना घरी नेले, चुलीपुढे बसवले आणि भाकरी खाऊ घातली. त्यानंतर मी स्वतः दोनदा ती वाट चाललो. जे लिहितो आहे ते त्या चालण्यातून, वाटेवरील ग्रामस्थांकडून आणि अनुभवी पदभ्रमण करणाऱ्यांकडून शिकलेले आहे.

ही वाट कशी आहे

पन्हाळगडावरून खिंडीपर्यंतचे अंतर पन्नास किलोमीटरच्या आसपास भरते. परंपरेने सांगितली जाणारी वाट राजदिंडीने गड उतरते आणि तुरुकवाडी, म्हाळुंगे करीत मसाई पठारावर चढते. पुढे कुंभारवाडी, खोतवाडी, मांडलाईवाडी, करपेवाडी, आंबेवाडी, रिंगेवाडी, माळेवाडी, पाटेवाडी, म्हसवडे अशा वाड्या घेत ती पांढरपाण्याला आणि तेथून खिंडीशी पोहोचते. मसाईचे पठार उघडेबोडके, जांभ्या दगडाचे आहे. आषाढात त्यावर धुके उतरले म्हणजे दहा पावलांपलीकडचा सोबती दिसत नाही. वाऱ्याला आडोसा म्हणून झाड नाही आणि खडकावर पायवाट उमटत नाही. मसाई देवीचे मंदिर हीच तेथील मुख्य खूण. पठार संपले की भातखाचरे, चिखल, दाट रान आणि एकामागून एक ओढे लागतात.

आता हिशेब करून पाहावा. कोरड्या सपाट रस्त्यावर माणूस तासाला चार-पाच किलोमीटर चालतो. विल्यम नेस्मिथ या स्कॉटिश गिर्यारोहकाने १८९२ साली डोंगरवाटेसाठी एक आडाखा सांगितला होता : दर पाच किलोमीटरला एक तास आणि दर सहाशे मीटर चढणीला आणखी एक तास. जगभर आजही तो वापरतात. पण तो धडधाकट माणसासाठी आणि बऱ्या वाटेसाठी आहे. आपल्या आषाढातील चिखलात, पाठीवर ओझे घेऊन, तासाला अडीच किलोमीटर पडले तरी पुष्कळ झाले. म्हणजे चालण्याचेच वीस तास होतात. जुलैच्या मध्यास येथे सूर्य सातनंतर मावळतो खरा, पण ढगाळ दिवशी दाट झाडीत सहा-साडेसहालाच अंधारून येते. ही एका दिवसाची वाट नव्हे, हे एवढ्या आकडेमोडीतूनच कळते. मी ती त्या सकाळी केली नव्हती.

म्हणून बहुतेक मोहिमा दोन दिवसांच्या असतात आणि करपेवाडी-आंबेवाडीच्या परिसरात, साधारण निम्म्या वाटेवर, मुक्काम करतात. मुक्कामाची सोय आधी ठरवूनच निघावे. ऐन वेळी दारात उभ्या राहिलेल्या पंधरा भिजलेल्या माणसांना वाडीतील लोक नाही म्हणत नाहीत, पण त्यांच्या घरचा शिधा तेवढा नसतो. जेवणाचे व राहण्याचे पैसे न मागता द्यावेत.

येथे थोडे इतिहासाविषयी. शिवाजी महाराज मार्च १६६० मध्ये पन्हाळ्यावर आले आणि सिद्दी जौहरने गडाला वेढा घातला. भर पावसाळ्यातही तो उठला नाही. तेव्हा तहाची बोलणी लावून वेढ्यातील माणसे गाफील केली गेली आणि १२ जुलैच्या रात्री महाराज सुमारे सहाशे मावळ्यांनिशी गडाबाहेर पडले. शिवा काशीद यांनी महाराजांचे सोंग घेऊन दुसऱ्या पालखीतून शत्रूला हुलकावणी दिली आणि प्राण दिला. नेबापूर येथे त्यांची समाधी आहे, तिचे दर्शन अवश्य घ्यावे. घोडखिंडीत बाजीप्रभू देशपांडे निवडक मावळ्यांसह उभे ठाकले. महाराज विशाळगडावर पोहोचल्याची तोफ होईपर्यंत त्यांनी खिंड अडवून धरली, असे परंपरा सांगते. व्याख्यानांतून या रात्रीचे शौर्य आपण ऐकतो. पण विद्यार्थीदशेपासून मला त्यातील तयारीचेच अधिक नवल वाटत आले आहे. वाट आधी हेरलेली, माणसे निवडलेली, कोणी कोठे थांबायचे आणि कोणती खूण मिळाल्यावर हलायचे हे ठरलेले. शिवाय त्यांना दुसरा इलाज नव्हता. आपणास आहे. पाऊस फार असेल तर आपण आठ दिवसांनी जाऊ शकतो, ही गोष्ट उत्साहाच्या भरात विसरली जाते.

पावसाचा अंदाज कोणता पाहावा

बाहेरगावच्या यात्रेकरूंची नेहमीची चूक अशी की, कोल्हापूर शहरात ऊन पाहून ते निघतात. शहराचा वर्षभराचा पाऊस सरासरी एक हजार मिलिमीटरच्या आसपास आहे. याच जिल्ह्यात घाटमाथ्यावरील गगनबावड्याचा पाऊस ५००० मिलिमीटरहून अधिक. पावनखिंडीची वाट शहराकडून घाटमाथ्याकडे जाते, म्हणजे जसजसे पुढे जावे तसतसा पाऊस वाढतो आणि तोही आपण दमलेले असताना. भारतीय हवामान विभाग कोल्हापूरच्या घाटक्षेत्रासाठी वेगळा इशारा देतो, तोच पाहावा. नारिंगी इशाऱ्याचा अर्थ चोवीस तासांत ११५ मिलिमीटरहून अधिक पावसाची शक्यता आणि लाल इशाऱ्याचा अर्थ २०४ मिलिमीटरहून अधिक. शहरात वर्षभरात पडणाऱ्या पावसाचा पाचवा हिस्सा एका दिवसात, असा तो लाल रंग वाचावा. आमचा सल्ला असा की, नारिंगी असल्यास निघू नये. लाल असल्यास विचारूही नये.

परतीच्या वाटेचाही विचार हवा. येथील पंचगंगेची पातळी राजाराम बंधाऱ्यावर मोजतात. ३९ फूट ही इशारा पातळी आणि ४३ फूट ही धोका पातळी. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ या दोन्ही महापुरांत ती ५५ फुटांच्या पुढे गेली होती. पाणी चढले की रत्नागिरी रस्ता केर्लीजवळ बुडतो. जुलै २०२१ मध्ये तर पन्हाळ्याला जाणारा रस्ताच खचला होता. खिंडीत सुखरूप पोहोचलेला माणूस मलकापुरात दोन दिवस अडकून पडतो आणि त्याचे आगगाडीचे आरक्षण वाया जाते. परतीचे तिकीट मोकळ्या तारखेचे असावे, हेही सुरक्षिततेचेच अंग होय, कारण गाडी चुकेल या धास्तीनेच माणसे भरल्या ओढ्यात उतरतात. त्या तिघांचेही दुसऱ्या दिवशी सकाळचे आरक्षण होते.

ओढे

या वाटेवर साप, जळवा, गवे या सर्वांची चौकशी होते. ओढ्याची कोणी करीत नाही. प्रत्यक्षात सर्वांत मोठा धोका ओढ्याचाच आहे.

ज्या खिंडीकडे आपण जातो, त्या परिसरातच कासारी नदीचा उगम आहे. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती यांचे पाणी एकत्र येऊन पंचगंगा होते. आपण येथे घाटावर ज्या पाण्यात पाय बुडवतो, त्यातील काही त्याच डोंगरातून आलेले असते. घाटावर ते संथ दिसते. डोंगरात त्याचा स्वभाव वेगळा असतो. तेथे ओढ्याचे पाणलोट लहान आणि उतार तीव्र असल्याने वरच्या अंगास पाऊस झाला की अर्ध्या तासात पाणी चढते. आपल्या डोक्यावर तेव्हा ऊनही असू शकते. पाण्याचा वेग दुप्पट झाला की त्याचा रेटा चौपट होतो, म्हणून गुडघाभर पाणीही धडधाकट माणसास पाडू शकते. पडल्यावर पोहता येणे फारसे कामी येत नाही, कारण तेथे खोली नसते, खडक असतात.

पाणी चढू लागल्याच्या खुणा ग्रामस्थ अचूक ओळखतात. नितळ पाणी एकाएकी गढूळ होते, पालापाचोळा व काटक्या वाहू लागतात, आवाज जड होतो आणि तळाचे दगड गडगडू लागतात. यांपैकी एकही खूण दिसली तर काठावरून मागे, उंचावर यावे. ओलांडणे शक्य असेल तेथेही पात्र रुंद आणि उथळ असलेली जागा शोधावी. अरुंद जागा सोपी वाटते, पण वेग तेथेच अधिक असतो. पायांतील बूट काढू नयेत. पाठपिशवीचे कमरेचे व छातीचे पट्टे सोडून ठेवावेत, म्हणजे पडल्यास ती टाकून देता येते. काठी प्रवाहाच्या वरच्या बाजूस टेकवून, तोंड प्रवाहाकडे करून, एका वेळी एकच पाय उचलत आडवे सरकावे. कमरेला दोर बांधून पाण्यात उतरण्याचा प्रकार चित्रपटांत दिसतो. तो घातक आहे. पाय निसटला की दोर माणसाला पाण्याखालीच ताणून धरतो.

पाणी गुडघ्याच्या वर असेल तर ओलांडायचे नाही, हे निघतानाच सर्वांनी मिळून ठरवावे. काठावर उभे राहून ठरवू नये, कारण तेथे वीस जणांपैकी दोघे उतरलेले असतात आणि उरलेल्यांना मागे राहण्याची लाज वाटते. जे पाणी चटकन चढते ते पाऊस थांबल्यावर काही तासांत उतरतेही. त्या वृद्धाचे म्हणणे इतकेच होते.

परत फिरण्याची वेळही अशीच आधी ठरवावी. उदाहरणार्थ, पहिल्या दिवशी दुपारी एकपर्यंत खोतवाडी मागे पडली नाही तर पुढे न जाता तेथेच मुक्काम करावा. आपल्या चालीप्रमाणे वेळ बदलावी, पण ती कागदावर असावी.

अंगावर, पाठीवर आणि पोटात

भिजलेला माणूस वाऱ्यात उभा राहिला तर मसाई पठारावर, ऐन जुलैतही, गारठून बेशुद्ध होऊ शकतो. थंडीची बाधा हिमालयातच होते हा गैरसमज आहे. सुती कपडे व जीन्स भिजले की अंगाला चिकटून उष्णता काढून घेतात. लवकर वाळणारे कृत्रिम धाग्याचे कपडे घालावेत. एक कोरडा जोड प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळून ठेवावा आणि मुक्कामाशिवाय तो उघडू नये. लोकर भिजूनही ऊब देते, म्हणूनच धनगर बांधव घोंगडे सोडत नाहीत. वाटेवर शेतकऱ्यांच्या पाठीवर इरले दिसले तर निरखून पाहावे. दोन्ही हात मोकळे ठेवणारी ती सोय आहे. छत्री मात्र या वाटेवर निरुपयोगी. (देणगीदार यात्रेकरूंनी दिलेल्या छत्र्या कार्यालयात भरपूर जमल्या आहेत. त्याऐवजी डोक्याला बांधायच्या विजेऱ्या दिल्यास त्या आम्ही पदयात्रींना वापरावयास देऊ.) सोबतीचा थरथराट वाढला, बोलणे अडखळू लागले, तो उगाच हट्टीपणा करू लागला, तर तो थकवा समजू नये. आडोशाला नेऊन ओले कपडे काढावेत, कोरडे घालावेत आणि शुद्धीत असल्यास गरम, गोड चहा द्यावा. मद्य देऊ नये.

बूट वापरलेले असावेत. मोहिमेसाठी आदल्या दिवशी घेतलेले नवे बूट दुसऱ्या दिवशी हातात धरून चालणारे मी पाहिले आहेत.

खाण्यास दशम्या, भाकरी, शेंगदाण्याची चटणी आणि गूळ-शेंगदाणे यांच्यासारखे काही नाही. ते जड नसते आणि भिजले तरी खाता येते. पाणी सर्वत्र वाहताना दिसले तरी गोठ्यांचे व चराऊ कुरणांचे पाणी त्यात मिसळत असते, म्हणून उकळलेले किंवा क्लोरीनची गोळी टाकलेले पाणीच प्यावे. जुलाब झाल्यास एक लिटर शुद्ध पाण्यात सहा सपाट चहाचे चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घालून ते थोडे थोडे पाजावे.

जळू लागल्यास घाबरू नये. नखाने बाजूने सोडवून जागा धुवावी. सापाची गोष्ट निराळी. नाग, मण्यार, घोणस व फुरसे हे चारही विषारी साप महाराष्ट्रात आहेत आणि झाडीत हिरवा चापडाही असतो. दंश झाल्यास करकचून दोरी बांधणे, कापणे, चोखणे यांपैकी काहीही करू नये. अंगठ्या, पैंजण काढावेत, तो अवयव काठीच्या आधाराने स्थिर ठेवावा आणि माणसाला चालू न देता उचलून गाडीरस्त्यापर्यंत न्यावे. प्रतिविष रुग्णालयातच मिळते. गव्याला वाट द्यावी. डिसेंबर २०२१ मध्ये गवा थेट कोल्हापूर शहरालगत आला होता, तेव्हा बघ्यांच्या गर्दीनेच तो अधिक बिथरला.

वाट चुकल्यासारखे वाटले तर थांबावे आणि शेवटच्या ओळखीच्या खुणेपर्यंत मागे जावे. ओढ्याच्या कडेने खाली उतरत गेल्यास गाव लागेल, हा समज सह्याद्रीत जिवावर बेततो, कारण येथे बरेच ओढे कड्यावरून कोसळतात. गळ्यात शिट्टी असावी. थांबून थांबून तीन-तीन फुंका माराव्यात.

हृदयविकार, दमा, इन्सुलिन चालू असलेला मधुमेह यांचा त्रास असणाऱ्यांनी व लहान मुलांना घेऊन आलेल्यांनी आषाढात पायी जाण्याचा आग्रह धरू नये. मलकापूरकडून मोटारीने पांढरपाण्यापर्यंत जाऊन खिंडीचे दर्शन घेता येते. मार्गशीर्षात तर तीच वाट कोरडी, मोकळी आणि फार सुंदर असते. अतिवृष्टीत प्रशासन पर्यटनस्थळे बंद करते आणि विशाळगड परिसरातही वेळोवेळी निर्बंध असतात, तेव्हा निघण्यापूर्वी पोलीस ठाण्यात चौकशी करावी.

नोंदवही

त्या रात्रीनंतर आमच्या कार्यालयात एक नोंदवही ठेवली आहे. वनात किंवा गडावर जाणाऱ्या यात्रेकरूंनी तीत सर्वांची नावे व वये, कोणाला कोणते औषध चालू आहे ते, अंगावरील कपड्यांचे रंग, जाण्याची व येण्याची वाट, मुक्कामाची वाडी, घरच्या एका माणसाचा दूरध्वनी क्रमांक आणि ‘या वेळेपर्यंत न आल्यास शोध सुरू करावा’ अशी नेमकी वेळ लिहावी. भक्तनिवासात न उतरलेल्यांनीही लिहिण्यास हरकत नाही. त्याचीच एक प्रत घरी द्यावी. वाटेवर बऱ्याच ठिकाणी दूरध्वनीला संपर्क मिळत नाही. मिळाल्यास ११२ हा आपत्कालीन, १०८ हा रुग्णवाहिकेचा आणि १९२६ हा वन विभागाचा क्रमांक आहे.

परत आल्यावर मात्र नोंदीपुढे सही करण्यास विसरू नये. गेल्या आषाढात सात जणांचा एक गट मलकापुरातूनच परस्पर एस.टी.ने आपल्या गावी गेला आणि आम्ही रात्री साडेअकरापर्यंत फोन फिरवीत बसलो. कार्यालय साडेनऊला बंद होते. त्यानंतर वही मुख्य दरवाजावरील पहारेकऱ्याकडे असते.